बावीस पावलं

कोर्टातला पुकारा आता माणूस करत नव्हता. दाराच्या वर बसवलेल्या पेटीतून एका बाईचा शांत आवाज यायचा. एकदाच यायचा, आणि तेवढ्यात जो हजर झाला तो झाला. नावं मात्र जुनीच होती.

"हौसाबाई निवृत्ती कुंभार विरुद्ध आनंदा बापू कुंभार," आवाज म्हणाला.

व्हरांड्यातल्या बाकावरून निवृत्ती कुंभार गुडघ्यांवर हात टेकून उठला. "हाय," तो म्हणाला.

हौसा जाऊन दहा महिने झाले होते. वारस म्हणून निवृत्तीचं आणि मुलीचं नाव कागदाला लागलं होतं, पण दावा हौसाच्या नावानं दाखल झालेला, म्हणून पुकारा तिच्याच नावाचा. बाकी सगळीकडून तिचं नाव गेलं होतं. रेशनकार्डावरून गेलं, बँकेतून गेलं. पुरं नाव कोणी घ्यायचं ते फक्त इथं, दीड-दोन महिन्यांतून एकदा. निवृत्तीनं हे कुणाला सांगितलं नव्हतं, पण एकही तारीख चुकवली नव्हती.

त्या दिवशी न्यायाधीशांच्या मागच्या भिंतीवर नवी पाटी होती. तिच्यावर लाल अक्षरांत नव्वदचा आकडा.

"कुंभार, हा आकडा बघून ठेवा," न्यायाधीश म्हणाले. चाळिशीतला माणूस, समोर फायलींचा ढीग. "उच्च न्यायालयाचे निर्देश आलेत. वीस वर्षांहून जुने जमीन-जागेचे सगळे दावे नव्वद दिवसांत निकाली काढायचे. हा आकडा रोज एकानं कमी होणार आणि वरच्या कोर्टात तो रोज दिसणार. तुमचा दावा दोन हजार तेराचा आहे. मी तेव्हा सातवीत होतो."

मागच्या बाकावर आनंदा बसला होता, हौसाचा धाकटा भाऊ. तोही आता पासष्टचा, पाठीत वाकलेला. त्यानं आकड्याकडे बघितलं आणि डोळे मिटून घेतले.

बाहेर आल्यावर निवृत्तीच्या वकील, शिंगटेबाई, खुशीत होत्या. "आता तारीख नाही, मामा. आता निकाल."

"निकाल लागला की मग पुकारा होत न्हाई?"

"मग कशाला होईल?" त्या हसल्या. "सुटलात म्हणा."

निवृत्तीनं मान हलवली आणि एसटी स्टँडकडे चालू लागला.

दावा अकरा फुटांचा होता. हौसाचा बाप, बापू कुंभार, यानं घरामागची जागा दोन पोरांत वाटून मध्ये एक काळा दगड पुरला होता. विहिरीकडची बाजू हौसाची, रस्त्याकडची आनंदाची. कागद नाही, साक्षीदार नाही. निवृत्तीचं स्वतःचं गाव धरणाच्या पाण्यात गेलं तेव्हा तो बायकोला घेऊन इथं आला आणि विहिरीजवळ चाक मांडलं. बापू होता तोवर त्या दगडाकडे कुणी बघितलंही नाही. तो वारला, दीड-दोन वर्षांनी आनंदानं आपल्या बाजूला घराचा पाया आखला, आणि हौसा विहिरीपासून चालत निघाली. आबानं, म्हणजे बापूनं, तिला लहानपणीच सांगून ठेवलं होतं, विहिरीच्या काठापासून बावीस पावलं. ती बावीस पावलं चालली, तर दगड तिच्या मागं अकरा फुटांवर राहिला.

"आन्द्यानं दगड सरकवला," ती म्हणाली.

"तायडे, आबाची शप्पथ, मी हात लावला न्हाई," आनंदा म्हणाला.

पुढची अठ्ठावीस वर्षं दोघं हीच दोन वाक्यं बोलत राहिली, फक्त वकिलांच्या तोंडून.

तारखेला दोघं एकाच एसटीनं जायची. हौसा पुढं, आनंदा मागं. बोलणं बंद. पण घाट लागला की हौसा खिडकीकडे तोंड करून निवृत्तीला मोठ्यानं सांगायची, "लोकांना इचारा, बीपीची गोळी घेतली का. का कोर्टात चक्कर येऊन पडायचंय, तारीख वाढवायला?"

मागून आवाज यायचा, "लोकांना सांगा, घेतली."

*

नव्वदाचे एकाहत्तर झाले तेव्हा ऊनमोजणीची गाडी आली.

सरकारी नाव लांबलचक होतं, पण लोकांनी त्याला ऊनमोजणी असंच म्हणायला सुरुवात केली होती. गाडीतून इरफान मुलाणी नावाचा तरुण उतरला. त्यानं भर दुपारी दगडाभोवती जाड काळ्या कापडाचा तंबू ठोकला, आत लाल दिवा लावला आणि दोन्ही बाजूंचं एकेक माणूस आत बोलावलं. एका अंगाला निवृत्ती उभा राहिला, दुसऱ्या अंगाला आनंदा. एवढ्या जवळ ते दोघं कित्येक वर्षांत उभे राहिले नव्हते.

"उजेड का नको?" निवृत्तीनं विचारलं.

"उजेड लागला तर सगळं पुसलं जाईल, काका," मुलाणी म्हणाला. तो दगडाच्या कडेची माती हलक्या हातानं उकरत होता. "दगडात आणि त्याला चिकटलेल्या मातीत स्फटिकांचे बारीक कण असतात. जमिनीत सगळीकडे किंचित किरणोत्सर्ग असतो, आपल्याला बाधत नाही एवढाच. तो ह्या कणांत थोडी थोडी ऊर्जा साठवत राहतो. कण उन्हात आला की साठलेलं सगळं निघून जातं. परत पुरला की परत पहिल्यापासून साठायला लागतं."

"म्हंजे गळक्या नळाखाली रांजण ठेवल्यागत."

मुलाणी थांबला आणि हसला. "अगदी तसंच. रांजण किती भरलाय ते बघायचं आणि नळ कधीपासून गळतोय ते सांगायचं. ऊन लागलं की रांजण पालथा. प्रयोगशाळेत आम्ही ह्या कणांवर एक ठरावीक प्रकाश टाकतो, मग ते साठवलेलं सोडतात, मंद चमकतात. जेवढी चमक जास्त, तेवढा काळ जास्त. पूर्वी ह्यात पाच-दहा वर्षांची चूक व्हायची. आता एकेक कण वेगळा वाचता येतो, त्या-त्या जागेचा किरणोत्सर्गही महिनाभर मोजून ठेवतो. त्यामुळं गेल्या साठ-सत्तर वर्षांतलं असेल तर ऋतूपर्यंत सांगता येतं, दगडानं शेवटचं ऊन कधी बघितलं ते."

"मग बघा," आनंदा पहिल्यांदाच बोलला. "बघा एकदाचं आन् सांगा ह्यांना. आबानं पुरला तवाच बघितलं असंल त्यानं ऊन."

मुलाणीनं वीतभर खालून दगडाचा एक कपचा आणि मुठीएवढी माती काढली, काळ्या नळीत भरली आणि सील केली. अर्जावर दोघांच्या सह्या कोर्टातच घेतलेल्या होत्या. तेहतीस प्रश्नांचा अर्ज, दोन्ही वकिलांच्या कारकुनांनी भरलेला.

"एवढ्यात झालं?" निवृत्ती म्हणाला.

"पूर्वी तीन ठिकाणचे नमुने घ्यायचो, काका. वरचा, मधला, तळाचा. आता एकावरच भागवायला सांगितलंय. जिल्ह्यात चारशे दगड आहेत आणि मी एकटा आहे."

*

अहवाल हौसाच्या वर्षश्राद्धाच्या आदल्या दिवशी आला. पूनम, निवृत्तीची मुलगी, त्यासाठी पुण्याहून आलेलीच होती. शिंगटेबाईंचा फोन तिनंच घेतला.

दगड जमिनीवर शेवटचा उघडा पडला तो डिसेंबर दोन हजार बारामध्ये, महिनाभर मागंपुढं. म्हणजे बापू वारल्यावर, आनंदानं पाया आखण्याच्या थोडंच आधी.

पूनमनं फोन आईच्या फोटोसमोर ठेवला. "आई, खरी ठरलीस बघ," ती म्हणाली आणि रडली. निवृत्तीही रडला. कशासाठी ते त्याला नीट कळलं नाही.

नव्या नियमाप्रमाणं ऊनमोजणीचा अहवाल हा पक्का पुरावा होता. आनंदाचं स्वयंपाकघर आणि त्याच्या मुलाची भट्टीची खोली त्या अकरा फुटांवर होती, ती पाडावी लागणार होती. शिवाय हद्दीचा दगड हलवला आणि इतकी वर्षं खोटी साक्ष दिली, त्याचा गुन्हा वेगळा.

भिंतीपलीकडचं सगळं ऐकू यायचं. आनंदाचा मुलगा एकदाच बोलला. "बाबा, मशीन काय कुणाचं पाव्हणं न्हाई. कबूल तरी करा. आबाआजोबाची शप्पथ खाल्लीत तुम्ही, माझ्यासमोर." त्यानंतर त्या घरात बोलणंच बंद झालं. सून ताट वाढून दारात ठेवायची आणि तसंच उचलून न्यायची.

चार दिवसांनी सकाळी निवृत्ती विहिरीवर माती भिजवत होता. आनंदा दगडापाशी येऊन बसला. दगडाच्या अलीकडे आला नाही.

"दाजी."

निवृत्तीनं मान वर केली. दाजी ही हाक त्यानं आनंदाच्या तोंडून दावा लागल्यापासून ऐकली नव्हती.

"मी दगड हलवला न्हाई. पण आता माझंच मला वाटाया लागलंय, हलवला असंल का? पिऊन पडलो असंल का कवा? मी पीत न्हाई, तुम्हाला ठावं हाय. तरी रोज बसून आठवतोय."

 निवृत्तीनं माती तुडवायला सुरुवात केली. थोड्या वेळानं आनंदा उठून गेला.

*

आकडा बारावर आला तेव्हा मुलाणी खड्डा नीट बुजवून सह्या घ्यायला परत आला. दुपार होती, थंडीतही ऊन चटकत होतं. निवृत्तीनं त्याला ओसरीवर बसवून माठातलं पाणी दिलं.

मुलाणी दोन तांबे पाणी प्यायला. "काय गार पाणी आहे! माठ तुमच्या हातचा?"

"वळला मी. थापला, रंगवला आणि भाजला बायकोनं. चाक माझं, भाजायचा आवा तिचा, असं होतं आमचं. तिच्या शेवटच्या आव्यातला हाय."

"विकणार का?"

"न्हाई."

मुलाणी ओशाळला. निवृत्तीलाच मग वाईट वाटलं, म्हणून त्यानं विचारलं, "ह्या माठातबी असतंय का तुमचं ते घड्याळ?"

"असतं की! मडक्याचं तर फार जुनं शास्त्र आहे. आव्यात माती तापते तेव्हा कणांत साठलेलं सगळं निघून जातं. ऊन करतं तेच आच करते. माठ आव्यातून बाहेर आला की घड्याळ शून्यापासून सुरू."

"म्हंजे दोनशे वर्सांनी कुणाला ह्याची खापरी सापडली तर कळंल, हौसानं कवा भाजला ते?"

"कळेल. आमच्यापेक्षा चांगली यंत्रं असतील तेव्हा. दिवसही सांगतील कदाचित."

निवृत्तीला फार बरं वाटलं. त्यानं माठावरून हात फिरवला. आणि हात तिथंच थांबला.

ऊन करतं तेच आच करते.

दोन हजार बाराचा डिसेंबर. संक्रांतीची सुगडं वाळून तयार होती, दोन हजार नग, तालुक्याच्या बाजारची मागणी. नेहमीच्या आव्याच्या जागेवर आनंदानं पायासाठी विटांचा ढीग टाकलेला, आणि तो बायकोच्या बाळंतपणासाठी सासुरवाडीला गेलेला. आभाळ भरून आलं होतं. थांबलं तर सगळा माल भिजणार. हौसानं इकडं तिकडं बघितलं आणि पदर खोचला.

"इथंच लावू," ती म्हणाली होती. "अर्धा माझ्यात, अर्धा आन्द्याच्यात. आबाच्या दगडावर आवा, बरकत यील."

दगडावरच तिनं गोवऱ्या रचल्या, वर सुगडं, वर पेंढा, वर राख-मातीचा लेप. एक दिवस आणि एक रात्र आवा धुमसला. एकही सुगड तडकलं नाही. आनंदा परत यायच्या आत त्यांनी राख उचलून शेतकऱ्यांना दिली, आणि पुढं त्यानं त्या जागेवर मुरूम टाकला. मग भांडण सुरू झालं, आणि तो आवा दोघांच्याही डोक्यातून गेला. कुंभाराच्या घरात आवा लावला हे काय लक्षात ठेवायचं? आंघोळ केली हे कुणी लक्षात ठेवतं का?

"मुलाणीसाहेब," निवृत्ती म्हणाला, "दगडावरच आवा लावला असंल तर?"

मुलाणीच्या हातातला तांब्या खाली आला. "कुठल्या दगडावर?"

निवृत्तीनं बोट दाखवलं.

मुलाणीनं फायलीतला अर्ज काढून चाळला. "काका, अर्जात तेविसावा प्रश्न आहे. त्या जागी कधी भट्टी, शेकोटी, जाळपोळ. तुमच्याकडून 'नाही' आलंय. त्यांच्याकडूनही 'नाही'."

"अर्ज कारकुनानं भरला. मी सही केली."

"त्यांनीही तेच केलं असेल. आणि मी..." त्यानं कपाळ चोळलं. "कुंभारवाड्यात येऊन मी कागदावर विश्वास ठेवला. वीतभर खोलीपर्यंत दगड तापला असणार. मी मोजली ती दगड हलवल्याची तारीख नव्हती. ती तुमच्या आव्याची तारीख होती."

"मग दगड हलला का न्हाई?"

"ह्या नमुन्यावरून काहीच सांगता येत नाही. तळाशी, हातभर खोल, आच पोचली नसेल. तिथं खरी तारीख मिळेल."  तो हळू बोलला. "काका, मी विचारलं नाही आणि तुम्ही सांगितलं नाही, असंही होऊ शकतं. पण तुम्ही म्हणालात की लिहा, तर मला लिहावंच लागेल."

"दोन दिस द्या मला," निवृत्ती म्हणाला.

पहिल्या दिवशी त्यानं पूनमला फोन केला. तिनं सगळं ऐकून घेतलं.

"बाबा, आईनं ह्या दाव्यासाठी काय काय सोसलं तुम्हाला माहीत आहे. ताप असताना तारखेला गेली. शेवटी दवाखान्यातसुद्धा विचारत होती, आन्द्याच्या वकिलानं काय म्हणलं. आणि आता ती जिंकलीय तर तुम्ही हरवताय तिला."

"जिंकली कुठं? तिच्या आव्याची राख जिंकली."

"कुणाला कळणार आहे?"

"मला कळलंय की." मग तो म्हणाला, "तू सांग. तिला हे कळलं असतं तर तिनं काय केलं असतं?"



"भांडली असती," पूनम म्हणाली. "आधी तुमच्याशी. मग त्या मुलाणीशी. आणि मग चप्पल घालून स्वतः गेली असती कोर्टात सांगायला."  "जा, बाबा."

*

पाटीवर नऊचा आकडा होता. निवृत्ती कठड्याला धरून उभा राहिला आणि सगळं सांगून मोकळा झाला. दोन हजार सुगडं, आभाळ, राख, मुरूम, काहीही गाळलं नाही. शिंगटेबाईंनी दोनदा त्याचा सदरा ओढला, मग सोडून दिला.

न्यायाधीशांनी लेखणी खाली ठेवली. "कुंभार, ह्यानं तुमचा एकुलता एक पुरावा जातो, हे समजतंय ना?"

"समजतंय, साहेब."

"आणि नऊ दिवसांत मला निकाल द्यायचाय. नाही दिला तर वर कारण लिहून द्यावं लागतं." त्यांनी मुलाणीकडे बघितलं. "किती दिवस लागतील?"

"सगळं सोडून हेच केलं तर पाच, सर."

"मग सगळं सोडून हेच करा. उशीर झालाच तर कारण मी लिहीन. वेगानं काम करा असं वरून सांगितलंय, चुकीचं करा असं कुणी सांगितलेलं नाही."

आनंदा मागच्या बाकावर पुतळ्यासारखा बसला होता. घरी जाताना एसटीत तो नेहमीप्रमाणं मागं बसला. घाट लागला तशी निवृत्तीला एकदम शेजारची जागा रिकामी वाटली. त्यानं खिडकीकडे तोंड केलं.

"लोकांनी गोळी घेतली का?" तो म्हणाला.

 मागून आवाज आला, घोगरा. "घेतली, दाजी."

*

मुलाणी दुसरा अहवाल स्वतः घेऊन आला, तीनचा आकडा असताना, सकाळी. दोघांनाही त्यानं दगडापाशी बोलावलं.

"तळाचा दगड आणि तळाची माती, दोन्ही एकच तारीख सांगतात. एकोणीसशे एकोणऐंशीचा उन्हाळा. तेव्हा पुरला, त्यानंतर हा दगड जागचा हललेला नाही."

आनंदानं दोन्ही हात जोडले, कुणाला ते त्यालाच माहीत. मग तो दगडावरच बसला आणि लहान पोरासारखा हुंदके देऊन रडला. त्याचा मुलगा दारात उभा होता. तो आला आणि बापाच्या पाठीवर हात ठेवून नुसता उभा राहिला.

निवृत्ती विहिरीकडे परतला. मेव्हण्याच्या बाजूनं त्याला बरं वाटलं होतं, पण हौसाच्या बाजूनं नाही. म्हणजे हौसाच चुकली. अठ्ठावीस वर्षं, इतक्या तारखा, आणि बावीस पावलांचा आकडाच खोटा. लोक म्हणणार, बाईनं सख्ख्या भावाला उगाच कोर्टात ओढलं. जागेच्या हावेनं ओढलं. आता तिला उलटून बोलताही येणार नाही.

एकोणऐंशीचा उन्हाळा. हौसा सत्तर सालची. पूनमच्या शाळेच्या अर्जावर आईचं जन्मवर्ष त्यानंच लिहिलं होतं. एकोणऐंशीत ती...

तो विहिरीच्या काठाला पाठ लावून उभा राहिला. इतक्या वर्षांत ही पावलं त्यानं कधी मोजली नव्हती. मोजायची ती हौसा, ताडताड, लांब टांगा टाकत. तो चालू लागला. गुडघे दोन वर्षांपासून गेलेले. पाऊल असं पडायचंच नाही, सरकायचं. एक. दोन. तीन. समोर आनंदा रडायचा थांबून बघत होता. नऊ. दहा. पंधराला त्याला दम लागला, पण त्यानं पाऊल वाढवलं नाही. वीस. एकवीस.

बाविसाव्या पावलाला त्याच्या चपलेचं टोक दगडाला लागलं.

"आनंदा," तो म्हणाला, "हौसा तवा नऊ वर्सांची होती."

 आनंदा दगडावरून उठला.

"मी आबाच्या खांद्यावर होतो," तो सावकाश म्हणाला. "दुसरं काय आठवत न्हाई. वरनं तिच्या भांगाची रेघ दिसायची. ती आबाचा हात धरून चालत होती आन् मोठ्यानं मोजत होती. आबा म्हणाला, हौसे, आकडा ध्यानात ठेव, मोठेपणी भांडू नका."

"आन् तिनं ठेवला."

"तिनं ठेवला," आनंदा म्हणाला.

"हे कोर्टात कधी सांगितलं न्हाईस?"

"कुणी इचारलंच न्हाई, दाजी. अठ्ठावीस वर्सं सगळे इचारत होते, किती पावलं. कुणाची पावलं, ते कुणी इचारलं न्हाई."

*

शेवटच्या दिवशी पाटीवर एकचा आकडा होता. निवृत्ती धुतलेला सदरा घालून आला होता. आज आनंदा त्याच्याच बाकावर बसला, मध्ये एका माणसाची जागा सोडून.

"हौसाबाई निवृत्ती कुंभार विरुद्ध आनंदा बापू कुंभार," पेटीतला आवाज म्हणाला.

"हाय," निवृत्ती म्हणाला. तो लगेच आत गेला नाही. आवाज पुरता विरून जाईपर्यंत उभा राहिला. आनंदाही त्याच्याबरोबर थांबला.

निकाल मोठा नव्हता. दगड हलवल्याचं सिद्ध होत नाही. दावा फेटाळण्यात येतो. खर्च ज्याचा त्यानं सोसायचा.

"काही म्हणायचंय?" न्यायाधीशांनी विचारलं.

"एकच, साहेब. ती खोटं बोलली नव्हती, एवढं कुठंतरी लिहा." आणि त्यानं पावलांचं सांगितलं.

 न्यायाधीशांनी टंकलेखकाला थांबवलं आणि शब्द शोधत सांगू लागले. "वादीनं सांगितलेलं अंतर बरोबर होतं. ते अंतर तिनं वयाच्या नवव्या वर्षी स्वतःच्या पावलांनी मोजलं होतं, आणि ते तिनं मरेपर्यंत प्रामाणिकपणे लक्षात ठेवलं. वाढली ती फक्त तिची पावलं." त्यांनी वर बघितलं. "चालेल?"

निवृत्तीनं मान हलवली.

पाटीवरचा आकडा विझला. पेटीतून दुसऱ्या कुणाची तरी नावं आली. दोघं बाहेर येऊन कोर्टासमोरच्या चिंचेखाली बसले, जिथं हौसा भाकरी सोडायची. आनंदानं सवयीनं खिशातून वही काढली, पेन्सिल थुंकी लावून ओली केली.

"दाजी, पुढची तारीख?"

विचारलं आणि तो तसाच थांबला. निवृत्तीनं त्याच्याकडे बघितलं. वहीत पहिल्या पानापासून तारखाच होत्या.

"लिही," निवृत्ती म्हणाला. "येत्या मंगळवारी. सुगडं वाळलीत, आवा लावायचाय. माझ्यानं एकट्यानं गोवऱ्या रचवत न्हाईत. आन् आवा कसा रचायचा ते तिलाच येत होतं, नाहीतर तुला. एका बापाची पोरं तुम्ही."

"कुठं लावायचा?"

"आबाच्या दगडावर. अर्धा तुझ्यात, अर्धा तिच्यात."

आनंदा लिहिता लिहिता म्हणाला, "मुलाणीचं घड्याळ परत शून्यावर जाईल की. पुन्हा मोजायचं झालं तर?"

"कुणाला मोजायचंय?"

आनंदानं तारीख लिहिली, वही मिटली आणि खिशात ठेवली. मग दुसऱ्या खिशातून गोळीची पट्टी काढली आणि न विचारताच एक गोळी तोंडात टाकली.